करवीर प्रांतीचे साहित्य आणि त्याची इंग्रजी भाषांतरे : एक आढावा

एखाद्या प्रांताचे साहित्य परभाषेत कितपत गेले, हा प्रश्न वरवर पाहता ग्रंथसूचीपुरता वाटतो. परंतु कोणते ग्रंथ गेले, कोणते मागे राहिले आणि ही निवड अखेर कोणी केली, हे पोटप्रश्न मांडू लागलो की तो त्या प्रांताच्या आत्मपरिचयाचा आणि तेथील संस्थांच्या कर्तव्याचा प्रश्न होऊन बसतो. वारणा-पंचगंगेपासून घटप्रभा-ताम्रपर्णीपर्यंत पसरलेल्या, पूर्वी करवीर संस्थानात आणि त्याच्या आसपासच्या जहागिरींत मोडणाऱ्या या मुलखाने मराठीला वि. स. खांडेकर दिले, शंकर पाटील दिले, रणजित देसाई, आनंद यादव, शिवाजी सावंत आणि राजन गवस दिले. इतक्या लहान मुलखातून इतक्या भिन्न प्रकृतीचे लेखक निपजावेत, ही कोणत्याही भाषेस भूषणावह गोष्ट आहे. यांपैकी कोण इंग्रजी वाचकापर्यंत पोहोचला, कशाच्या बळावर पोहोचला आणि जे पोहोचले नाहीत ते कशामुळे अडले, याचा शांतपणे विचार करावा, एवढाच या लेखाचा उद्देश आहे.

कोल्हापूरचा इंग्रजी लेखनाशी संबंध दरबारातून सुरू झाला. छत्रपती राजाराम महाराज १८७० साली युरोपच्या प्रवासास गेले. त्या प्रवासाची रोजनिशी त्यांनी इंग्रजीत ठेवली होती. परतीच्या वाटेवर फ्लॉरेन्स येथे ऐन विशीत त्यांचा अंत झाल्यावर कॅप्टन वेस्ट यांनी ती संपादून १८७२ साली लंडन येथे प्रसिद्ध केली. पुढे १८८० साली राजाराम महाविद्यालय निघाले आणि इंग्रजी ही केवळ दरबारी व्यवहाराची भाषा न राहता अध्ययनाची भाषा झाली. याच महाविद्यालयात ना. सी. फडके यांनी अध्यापन केले आणि याच महाविद्यालयात माधव जूलियन फारसी शिकवीत असत. माधव जूलियन यांनी उमर खय्यामच्या रुबाया प्रथम मूळ फारसीवरून आणि नंतर ‘द्राक्षकन्या’ या नावाने फिट्झजेरल्डच्या इंग्रजीवरून अशा दोन वेळा मराठीत आणल्या. मूळ आणि त्याचे इंग्रजी रूपांतर ही दोन्ही समोर ठेवून, दोहोंतील अंतर वाचकास स्वतंत्रपणे दिसावे इतका काटेकोरपणा त्यांनी पाळला. भाषांतर ही विद्वत्तेची आणि सचोटीची कसोटी आहे, ही जाण या नगरीत तेव्हापासून आहे. खांडेकरांनी खलील जिब्रानच्या रूपककथा मराठीत आणल्या. अनिल मेहता यांनी कोल्हापुरातच सुरू केलेल्या आणि पुढे पुण्यास गेलेल्या प्रकाशनसंस्थेने तर इंग्रजीतील ग्रंथ मराठीत आणण्याचे काम इतक्या मोठ्या प्रमाणावर केले की, त्या कामावर मराठी वाचकांच्या एका पिढीचे वाचन पोसले गेले. म्हणजे जुन्या कचेरीतील आवक-जावक बारनिशीप्रमाणे पाहिले, तर आवकेची पाने येथे भरगच्च आहेत. उणीव आहे ती जावकेची.

एकंदर मराठीच्या जावकेचा इतिहास संतवाङ्मयापासून सुरू होतो. नेल्सन फ्रेझर आणि के. बी. मराठे यांनी तुकारामांचे अभंग विसाव्या शतकाच्या आरंभी तीन खंडांत इंग्रजीत आणले, निकोल मॅकनिकल यांनी १९१९ साली मराठी संतांच्या निवडक पदांचा संग्रह काढला आणि जस्टिन अ‍ॅबट यांनी संतचरित्रांची एक मालाच सिद्ध केली. यांपैकी मिशनरी विद्वानांचा हेतू धर्मजिज्ञासेचा होता, तथापि त्यांनी केलेले काम नेकीचे होते. वि. गो. प्रधान यांनी केलेला ज्ञानेश्वरीचा इंग्रजी अनुवाद युनेस्कोच्या आश्रयाने लंडनमध्ये प्रसिद्ध झाला आणि दिलीप चित्रे यांनी १९९१ साली तुकाराम इंग्रजी काव्याच्या भाषेत बोलता केला. ललित गद्याची पाळी मात्र उशिरा आली. व्यंकटेश माडगूळकरांची ‘बनगरवाडी’ राम देशमुख यांच्या अनुवादाने १९५८ साली इंग्रजीत गेली. लंडन विद्यापीठात मराठी शिकवणारे इयन रेसाइड यांनी १९६६ साली मराठी कथांचा एक वेचक संग्रह आणि त्यानंतर श्री. ना. पेंडसे यांच्या ‘गारंबीचा बापू’चा अनुवाद सिद्ध केला. या प्रत्येक कामामागे एखादा आस्थेवाईक माणूस उभा दिसतो. तो माणूस निवृत्त झाला किंवा दुसऱ्या कामास लागला की, त्याचे काम पुढे चालवणारी व्यवस्था मात्र कोठेच दिसत नाही.

आता खास करवीर प्रांतीच्या लेखकांकडे वळू. खांडेकर १९३८ साली शिरोड्याहून कोल्हापुरास आले आणि अखेरपर्यंत येथेच राहिले. येथेच लिहिलेल्या ‘ययाति’ला, म्हणजे १९५९ सालच्या कादंबरीला, साहित्य अकादमीचे पारितोषिक आणि पुढे १९७४ चे ज्ञानपीठ पारितोषिक मिळाले. मराठीला मिळालेले ते पहिले ज्ञानपीठ होय. तिचा वाय. पी. कुलकर्णी यांनी केलेला इंग्रजी अनुवाद अनेक वर्षे स्वस्त आवृत्तीत उपलब्ध होता आणि रेल्वे स्थानकांवरील पुस्तकांच्या दुकानांतही दिसे. परंतु खांडेकरांची खरी दिग्विजययात्रा इंग्रजीतून झालीच नाही. का. श्री. श्री. यांनी त्यांना तमिळमध्ये नेले आणि गोपाळराव विद्वांस यांनी गुजरातीत नेले. तमिळ वाचकांच्या कित्येक घरांत तर खांडेकर हे आपल्याच भाषेतील लेखक आहेत, असा समज होता. याचे कारण शोधू गेल्यास फार दूर जावे लागत नाही. खांडेकरांचे गद्य अलंकारांनी नटलेले, सुभाषितवजा वाक्यांनी भरलेले आणि उपमारूपकांच्या लडी उलगडीत जाणारे आहे. संस्कृत काव्याचा संस्कार ज्या भाषांच्या गद्यावर झालेला आहे, त्या भाषांत ही शैली जशीच्या तशी शोभून दिसते. इंग्रजी गद्य मात्र विसाव्या शतकात मितभाषी होत गेले आणि तेथे तीच वाक्ये अतिशयोक्त वाटू लागली. ययाति, देवयानी आणि शर्मिष्ठा आपापल्या तोंडून आपली कहाणी सांगतात तेव्हा मराठीत तिघांचे आवाज वेगळे ऐकू येतात. कारण तिघांच्या आत्मवंचनेची तऱ्हा भाषेच्या लकबीत उतरलेली असते. इंग्रजीत कथानक टिकते, विचारही टिकतो. परंतु हे तीन आवाज बरेचसे एकसारखे होतात.

आजऱ्यास जन्मलेले आणि कोल्हापुरात शाळाशिक्षक म्हणून नोकरी केलेले शिवाजी सावंत यांची ‘मृत्युंजय’ १९६७ साली प्रसिद्ध झाली. कर्ण, शोण, वृषाली, दुर्योधन, कुंती आणि श्रीकृष्ण यांच्या मुखांतून सांगितलेली ही कथा हिंदीत अफाट वाचली गेली. मूर्तिदेवी पारितोषिकही तिला मिळाले. इंग्रजीत ती १९८९ साली कलकत्त्याच्या रायटर्स वर्कशॉपने काढली. अनुवादकांपैकी एक होते त्या संस्थेचे संस्थापक पी. लाल, जे स्वतः समग्र महाभारत श्लोकवार इंग्रजीत आणण्याच्या व्रतात गुंतलेले होते. ही गोष्ट ध्यानात घेण्याजोगी आहे. ज्या माणसाच्या टेबलावर व्यासांचा कर्ण आधीच उघडा होता, त्याच्याच हाती आजऱ्याच्या लेखकाचा कर्ण पडला. कोवाडचे रणजित देसाई यांच्या बाबतीतही हाच क्रम दिसतो. ‘श्रीमान योगी’, ‘राधेय’ आणि ‘राजा रविवर्मा’ या तिन्ही कादंबऱ्या गेल्या पंधरा वर्षांत विक्रांत पांडे यांच्या अनुवादाने इंग्रजीत गेल्या. यांपैकी पहिलीचा नायक शिवछत्रपती, दुसरीचा कर्ण आणि तिसरीचा तो चित्रकार, ज्याच्या देवादिकांच्या तसबिरी हिंदुस्थानातील घराघरांत टांगलेल्या आहेत. विश्वास पाटील यांच्या ‘पानिपत’चाही इंग्रजी अनुवाद झाला. धरणग्रस्तांच्या दैन्याची त्यांची ‘झाडाझडती’ही कीर्ती रामचंद्र यांनी इंग्रजीत नेली, ही विशेष समाधानाची आणि अपवादात्मक गोष्ट होय.

हा अपवाद वगळला तर एक नियम स्वच्छ दिसतो. करवीर प्रांतातून इंग्रजीत जे गेले, ते बहुतांशी असे आहे की ज्याची कथा परक्या वाचकास आगाऊ ठाऊक होती. महाभारत आणि मराठ्यांचा इतिहास ही या ग्रंथांची सनद होती आणि त्या सनदेच्या बळावर त्यांना प्रवेश मिळाला. असे म्हणण्यात या ग्रंथांचा कमीपणा नाही. आपल्या परंपरेतील महापुरुषांचा पुनर्विचार हे थोर साहित्याचे एक कार्यच आहे. परंतु ज्याच्यापाशी अशी सनद नाही, ज्याचा नायक कागलच्या मळ्यातील पोर आहे किंवा निपाणीच्या तंबाखूच्या वखारीतील बाई आहे, त्याचे काय झाले?

शंकर पाटील यांच्या ‘वळीव’पासूनच्या कथा, त्यांची ‘टारफुला’ ही कादंबरी, आनंद यादव यांची ‘गोतावळा’ आणि साहित्य अकादमीचे पारितोषिक लाभलेली ‘झोंबी’, निपाणीचे महादेव मोरे यांच्या कष्टकऱ्यांच्या कथा, देवदासी आणि जोगते यांच्या जीवनावरील राजन गवस यांच्या ‘चौंडकं’ आणि ‘भंडारभोग’, आणि अगदी अलीकडे, २०२१ आणि २०२३ साली साहित्य अकादमीने गौरविलेले किरण गुरव आणि कृष्णात खोत, ही एवढी मोठी परंपरा मराठी वाचकास आपली वाटते; परंतु इंग्रजी वाचकाच्या लेखी ती जवळजवळ नाहीच. कृष्णात खोत यांच्या ‘रिंगाण’मध्ये धरणामुळे उठलेल्या गावाची आणि मागे राहिलेल्या म्हशीची जी कथा आहे, ती जगातील कोणत्याही विस्थापित माणसास कळेल अशी आहे. तेव्हा विषय परका म्हणून हे साहित्य अडले, असे म्हणता येत नाही.

ते अडले, याचे पहिले कारण भाषेत आहे आणि ते जवळून पाहिले पाहिजे. ‘गोतावळा’ ही १९७१ सालची कादंबरी नारबा नावाचा मळ्यातील गडी आपल्याच बोलीत सांगतो. मालक यंत्रे आणतो, ट्रॅक्टर येतो आणि ज्यांच्याशी नारबाचे भावाबहिणीचे नाते आहे ती जनावरे एकेक करून मळ्यातून जातात. येथे बोली संवादापुरती नाही; निवेदन तिच्यातच चालते आणि नारबाला जे दिसते ते त्या बोलीच्या बाहेर त्याला दिसलेच नसते. प्रमाण इंग्रजीत त्याला बोलते केले की शेतगडी पदवीधरासारखा बोलू लागतो. इंग्लंडातील एखाद्या परगण्याची बोली त्याच्या तोंडी घातली तर त्याच्या मळ्यावर भलत्याच देशाचे आभाळ येते. गुऱ्हाळाचेच उदाहरण घ्या. चुलवणावरची काहील, उकळत्या रसावर येणारी आणि वेळीच काढावी लागणारी मळी, पाक उतरवण्याचा क्षण केवळ नजरेने ओळखणारा गुळव्या आणि साच्यातून निघणारा रवा, हा सारा व्यवहार या प्रांतीच्या लेखकाला एका वाक्यात उभा करता येतो, कारण त्याचा वाचक त्या धुरात वाढलेला असतो. अनुवादकाला मात्र प्रत्येक वस्तूपाशी थांबून ठरवावे लागते की, शब्द तसाच ठेवावा, त्याचे वर्णन करावे की तो गाळावा. आणि अशा शंभर निर्णयांत एकसूत्रता राखावयाची, तर त्याला शब्दकोशाबरोबर गुऱ्हाळही ठाऊक असावे लागते.

परंतु भाषेची अडचण ही संपूर्ण सबब होऊ शकत नाही, हे दलित आत्मकथनांच्या उदाहरणाने सिद्ध झाले आहे. फलटणच्या बेबीताई कांबळे यांचे ‘जिणं आमुचं’, त्याच बाजूचे लक्ष्मण माने यांचे ‘उपरा’, शरणकुमार लिंबाळे यांचे ‘अक्करमाशी’ या ग्रंथांची भाषा आनंद यादवांच्या भाषेहून सोपी नाही. त्यांतील कित्येक शब्द तर पांढरपेशा मराठी वाचकालाही प्रथम कळले नव्हते. तरीही माया पंडित, अ. के. कामत, संतोष भूमकर अशा अनुवादकांनी ती इंग्रजीत नेली आणि ती विद्यापीठांतून अभ्यासली जाऊ लागली. हे कसे घडले? या साहित्यामागे एक चळवळ होती. अर्जुन डांगळे यांनी संपादिलेला आणि १९९२ साली प्रसिद्ध झालेला दलित साहित्याचा इंग्रजी संग्रह वाट दाखवीत होता, आस्थेचे प्रकाशक होते, अभ्यासक्रमांत स्थान होते आणि म्हणून अनुवादकाच्या श्रमास वाचक होता. संपादक, प्रकाशक आणि नियमित वाचक ही तीन अंगे एकत्र आली की बोलीचा डोंगर ओलांडता येतो. ग्रामीण साहित्याला हे त्रिकूट लाभले नाही, हेच त्याच्या अडण्याचे दुसरे आणि अधिक मोठे कारण आहे.

या बाबतीत परदेशातील एक दाखला आपणांस मार्गदर्शक ठरेल आणि तो इंग्लंड-फ्रान्सचा नसून मलाया आणि इंडोनेशियाचा आहे. तेथील साहित्याचा इतिहास मराठी वाचकास फार परका वाटू नये. सातव्या शतकातील श्रीविजय राज्याच्या जुन्या मलय शिलालेखांची लिपी दक्षिण हिंदुस्थानातून गेलेली आणि शब्दसंपत्ती संस्कृताने भरलेली आहे. जावामध्ये रामायण काव्यरूपाने अवतरले आणि पुढे अरबी लिपीत लिहिलेल्या मलय हिकायतींतून राम आणि पांडव इस्लामी दरबारांतही वावरले. इंग्रजीशी त्या साहित्याचा संबंध आपल्यासारखाच राज्यकर्त्यांच्या गरजेतून आला. मलय राजांची बखर म्हणता येईल असा ‘सजारह मलायु’ हा ग्रंथ जॉन लेडन याने इंग्रजीत आणला आणि लेडन १८११ साली जावात वारल्यावर रॅफल्सच्या प्रस्तावनेसह तो १८२१ साली लंडनमध्ये निघाला. सेरामपूरच्या विल्यम केरीचे मराठी व्याकरण १८०५ चे, म्हणजे याच काळातले. रॅफल्सच्या पदरी काम केलेल्या मुनशी अब्दुल्ला याचे आत्मचरित्र १८४९ साली प्रसिद्ध झाले आणि त्याचेही इंग्रजी अनुवाद झाले. डच सरकारने १९१७ साली ‘बालाइ पुस्ताका’ हे सरकारी प्रकाशनगृह काढले. १९२८ साली तरुणांनी एका भाषेची शपथ घेतली आणि ती भाषा स्वतंत्र राष्ट्राची भाषा झाली.

स्वातंत्र्यानंतरचा तेथील सर्वांत मोठा कादंबरीकार प्रामुद्या अनंता तूर याला बुरू बेटावर बंदिवासात टाकण्यात आले. लिहिण्यास मनाई असता त्याने आपल्या कादंबऱ्या सोबतच्या कैद्यांना तोंडी सांगितल्या. सुटकेनंतर प्रसिद्ध झालेल्या त्यांतील पहिल्या कादंबरीवर १९८१ साली सरकारने बंदी घातली. तिचा इंग्रजी अनुवाद मॅक्स लेन याने केला, आणि जाकार्ता येथील ऑस्ट्रेलियन वकिलातीत नोकरीस असलेल्या या गृहस्थाला त्या कामापायी ते शहर सोडावे लागले. येथपर्यंतची हकिकत आपल्यासारखीच, एकट्या माणसाच्या निष्ठेची आहे. फरक पुढे पडला. १९८७ साली गुनावान मोहमद, सापार्दी जोको दामोनो, उमर कायाम आणि सुबाग्यो सास्त्रोवार्दोयो या चार इंडोनेशियन साहित्यिकांनी जॉन मॅग्लिन या अमेरिकन अनुवादकासह जाकार्तातच ‘लोंतार’ ही संस्था स्थापन केली. आपले साहित्य इंग्रजीत नेणे हेच तिचे कार्य ठरले आणि काय न्यावयाचे हे लंडन-न्यूयॉर्कच्या बाजाराने न ठरवता त्या भाषेच्या लेखकांनी ठरवावे, हा तिचा पाया ठरला. तिने आधुनिक कादंबऱ्यांची माला काढली, काव्य आणि नाटक यांचे संग्रह सिद्ध केले. २०१५ साली इंडोनेशिया फ्रँकफुर्टच्या ग्रंथजत्रेत सन्माननीय पाहुणा म्हणून गेला तेव्हा दाखवण्याजोगे इंग्रजी ग्रंथ हाताशी होते, याचे पुष्कळसे श्रेय या दीर्घ आणि शिस्तबद्ध उद्योगास आहे.

इंग्रजीचा एवढा सोस कशासाठी, असा आक्षेप कोणी घेईल आणि तो अगदीच गैरलागू नाही. खांडेकरांना तमिळ आणि गुजराती यांनी जे प्रेम दिले ते इंग्रजीने दिले नाही, हे वर सांगितलेच आहे. कन्नडसारखी सख्खी शेजारीण भाषा निपाणी-गडहिंग्लजच्या रस्त्यावर रोज कानी पडत असता तिच्याशी आपली देवघेव वाढवणे हे अधिक जवळचे कर्तव्य आहे, हेही खरे. परंतु आज तेलुगू, बंगाली किंवा पोर्तुगीज अनुवादकास मराठी ग्रंथाची पहिली ओळख बहुधा इंग्रजी प्रतीवरूनच होते. इंग्रजी प्रत ही इतर भाषांत जाण्याची मुख्य देवडी झाली आहे, आणि त्या देवडीवर आपला माणूस असावा, एवढेच माझे म्हणणे आहे.

म्हणून माझी तजवीज अशी आहे. १९६२ साली स्थापन झालेल्या शिवाजी विद्यापीठात मराठी, इंग्रजी आणि परकीय भाषा असे तिन्ही विभाग आहेत, खांडेकरांच्या स्मरणार्थ उभारलेले संग्रहालयही त्याच आवारात आहे. या सामग्रीच्या आधारे दक्षिण महाराष्ट्राच्या साहित्याचे एक कायम अनुवादकेंद्र येथे निघावे. त्याने आरंभी दहाच ग्रंथ निवडावेत आणि ती निवड लेखक व जाणते वाचक यांच्या मंडळाने करावी. प्रत्येक ग्रंथावर दोघांनी मिळून काम करावे : एक, ज्याच्या कानात ही बोली जन्मापासून आहे असा, आणि दुसरा, जो इंग्रजी गद्य उत्तम लिहितो असा. बोलीतील अवघड जागांचे निर्णय टिपणांच्या रूपाने जपून ठेवावेत, म्हणजे पुढील अनुवादकास पहिल्यापासून आरंभ करावा लागणार नाही. लेखक हयात असेल तर त्याचा सल्ला घ्यावा, अनुवादकास योग्य मानधन द्यावे आणि निघालेले पुस्तक बाजारातून नाहीसे होऊ देऊ नये. यांतील कोणतीही गोष्ट विद्यापीठाच्या कुवतीबाहेरची नाही.

या आढाव्याचा निष्कर्ष थोडक्यात असा की, करवीर प्रांताचे इंग्रजीत गेलेले साहित्य ही त्याची अर्धी आणि अधिक परिचित बाजू आहे. जी बाजू केवळ येथलीच, म्हणून जगाच्या दृष्टीने अधिक अपूर्व आहे, ती अद्याप जावयाची आहे. ती नेण्याची जबाबदारी परक्या प्रकाशकांवर टाकता येत नाही. कारण ती पुस्तके त्यांनी वाचलेलीच नाहीत. ती ज्यांनी वाचली, ज्यांनी त्यांवर प्रेम केले आणि ज्यांना दोन्ही भाषा येतात, अशी माणसे आज कोल्हापुरात आहेत. गुळव्याचे काम प्रत्यक्ष पाहिलेली पिढी हयात आहे तोवर त्यांनी हे काम हाती घ्यावे, अशी माझी त्यांना कळकळीची विनंती आहे.